केस उडाली म्हणून ती खोटी ठरत नाही



"तुमच्या लोकांच्या केसेस कोर्टात टिकतच नाहीत. अर्ध्या तर आपोआप उडतात. खऱ्या असत्या तर उडाल्या असत्या का?" हा युक्तिवाद मी चहाच्या टपरीवर ऐकला आहे, व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर वाचला आहे आणि एकदा एका शिकल्यासवरल्या प्राध्यापकांच्या तोंडूनही ऐकला आहे. संतापून याला उत्तर देता येत नाही. 'केस उडते' म्हणजे कोर्टात नेमके काय होते, ते आधी समजून घ्यावे लागते. ते समजले की जी गोष्ट समोर येते, ती असे बोलणाऱ्यांना अडचणीची आहेच, पण आपल्या चळवळीलाही कमी अडचणीची नाही. म्हणून हा लेख.

मी राहतो लोहाऱ्यात. धाराशिव जिल्ह्यातला लोहारा तालुका नव्हे, आमचा लोहारा यवतमाळला लागून, दारव्हा रोडवरचा, एमआयडीसीचा. इथून शहरात ऑटोने जाता येते. त्यामुळे 'कोर्ट लांब पडते' असे आम्ही म्हणू शकत नाही. तरीही आमच्या वस्तीतल्या केसेस उडतात. म्हणजे अंतर हे कारण नाही, किंवा निदान एकटे कारण नाही.

आमच्या मोठ्या बाबांचे उदाहरण सांगतो. त्यांचे अडीच एकर कोरडवाहू शेत आहे, जिल्ह्यातल्याच दुसऱ्या एका तालुक्यात. शेजारच्या मोठ्या कास्तकाराने दरवर्षी थोडा थोडा धुरा कोरत पाच-सहा तास आत घेतले. मोठ्या बाबांनी मोजणी करून आणली, अतिक्रमण निघाले, आणि त्यांनी दिवाणी दावा लावला. पहिली दोन-तीन वर्षे ते प्रत्येक पेशीला जात. सकाळच्या एसटीने निघायचे, अकराला कोर्टाच्या व्हरांड्यात बसायचे, पुकारा झाला की आत जाऊन हात जोडून उभे राहायचे आणि पुढची तारीख घेऊन संध्याकाळी परत यायचे. त्या दिवसाची मजुरी बुडाली ती बुडाली. मग वकीलसाहेब म्हणाले, "दरवेळी कशाला येता? गरज पडली की मी बोलावतो." मोठ्या बाबांना ते देवमाणूस वाटले. एक दिवस वाचला ना!

पुढे बोलावणे आले नाही. ऐन कापूस वेचणीच्या दिवसांत एका तारखेला वकीलही नव्हते आणि वादीही नव्हता. समोरचा वकील मात्र होता. रोजनाम्यात एवढीच नोंद झाली की वादी व त्यांचे वकील पुकारूनही गैरहजर, सबब दावा काढून टाकला. हे मोठ्या बाबांना कळले चौदा महिन्यांनी, तेही एका लग्नाच्या पंगतीत, त्याच शेजाऱ्याच्या तोंडून. "भाऊ, तुमची केस तं कवाचीच उडाली ना!" तो हसत हसत म्हणाला. मोठे बाबा ताटावरून उठले नाहीत. जेवले, हात धुतले आणि मला फोन केला. "बापू, माही केस उडाली म्हनते थो. मले तं कोनं सांगतलं बी नाही."

'कोनं सांगतलं बी नाही' ही तक्रार नीट ऐका. ती भाबडी वाटेल, पण कायद्याच्या एका कच्च्या जागेवर तिने बोट ठेवले आहे.

दिवाणी प्रक्रिया संहितेचा नववा आदेश या विषयावर आहे. पुकारा झाल्यावर दोन्ही बाजू गैरहजर असतील तर नियम ३ खाली दावा काढता येतो. तेव्हा मुदतीत असाल तर नवा दावा लावण्याची वाट उघडी असते. प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असेल तर नियम ८ लागतो, आणि हा जास्त कडक आहे. कारण नियम ९ प्रमाणे त्याच कारणासाठी पुन्हा नवा दावा लावता येत नाही. उरतो एकच मार्ग. गैरहजेरीला पुरेसे कारण होते हे दाखवून तोच दावा पुन्हा फायलीवर घ्यायला लावायचा, म्हणजे 'रिस्टोर' करायचा. त्याला मुदत फक्त ३० दिवसांची. आणि हे ३० दिवस दावा काढल्याच्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळल्याच्या तारखेपासून नाही. प्रतिवादीविरुद्ध एकतर्फी हुकूमनामा झाला आणि त्याला समन्सच नीट बजावले गेले नव्हते, तर त्याचे ३० दिवस त्याला कळल्यापासून सुरू होतात. वादीला ही सवलत नाही. कायदा असे धरून चालतो की दावा तू लावलास, तर तारीख तुला माहीत असलीच पाहिजे. ज्याच्या हाताखाली कारकून आहे, त्याच्यासाठी हे गृहीतक बरोबर आहे. जो दुसऱ्याच्या वावरात कापूस वेचतो, त्याच्यासाठी नाही.

आता न्यायाधीशांची बाजूही सांगितली पाहिजे. वादीच येत नसेल तर कोर्टाने वर्षानुवर्षे फाईल का सांभाळावी? आणि हे हत्यार आपल्याविरुद्धही वापरले जाते. एखादा पैसेवाला माणूस आपल्या वस्तीच्या जागेवर दावा ठोकतो, मनाई हुकूम मिळवतो आणि मग निवांत गैरहजर राहतो. अशा वेळी दावा गैरहजेरीत काढला जाणे हाच आपल्याला न्याय असतो. म्हणून ही तरतूदच रद्द करा, असे मी म्हणणार नाही. माझा आक्षेप वेगळ्या गोष्टीला आहे. असा दावा आकडेवारीत 'निकाली' म्हणून मोजला जातो. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर त्याच्या पुढे 'अनकंटेस्टेड, डिसमिस्ड इन डिफॉल्ट' असा शेरा दिसतो. धुरा कोणी कोरला, या प्रश्नावर एक शब्दही न उच्चारता प्रकरण संपलेले असते. आणि मग बाहेरचा माणूस म्हणतो, खरे असते तर उडाले असते का? अरे, खरे-खोटे तपासलेच कुठे?

फौजदारीत तर हे आणखी बोचते. खासगी फिर्यादीवरच्या समन्स खटल्यात फिर्यादी गैरहजर राहिला तर आरोपी चक्क निर्दोष सुटतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम २५६ हेच सांगत होते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ते कलम २७९ झाले. नव्या कलमात फिर्यादीला हजर होण्यासाठी ३० दिवसांचा अवधी देण्याची भर पडली आहे. ही सुधारणा चांगली आहे आणि ती आपल्या प्रत्येक कार्यकर्त्याला पाठ हवी. कारण दिवाणी दावा रिस्टोर होऊ शकतो, पण एकदा निर्दोष मुक्तता झाली की त्याच आरोपासाठी पुन्हा खटला चालत नाही. उरते फक्त वरच्या कोर्टातले अपील.

अ‍ॅट्रॉसिटीचे खटले सरकार चालवते, त्यामुळे फिर्यादी आला नाही म्हणून ते असे उडत नाहीत. पण साक्षीदार आला नाही, फिर्यादी थकला, पंच उलटला, की शेवट तोच होतो. २० मार्च २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सुभाष काशिनाथ महाजन प्रकरणात हा कायदा बोथट केला. तेव्हा त्याच्या गैरवापराच्या चर्चेत अशा सुटकांच्या आकड्यांचाच आधार घेतला गेला होता. त्याविरुद्ध २ एप्रिलला देश बंद झाला, संसदेला कलम १८-अ आणावे लागले, आणि १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयाने स्वतःच ते निर्देश मागे घेतले. आरोपी सुटला म्हणजे फिर्याद खोटी होती असे नाही, तपासातले दोष आणि पुढे न येणारे साक्षीदार हेही कारण असू शकते, हे त्या वेळी न्यायालयाने मान्य केले. टपरीवरच्या त्या युक्तिवादाला उत्तर द्यायचे असेल तर हा निकाल हाताशी ठेवा.

आता आपल्याकडे वळतो.

गुन्हा नोंदवायचा असतो तेव्हा आपण पोलीस ठाण्यावर शंभर जण असतो. निवेदन देताना फोटोत मावत नाहीत इतके असतो. मोर्चा असला तर गाड्या भरून येतात. आणि पंधराव्या तारखेला? एक म्हातारी, तिचा मुलगा आणि एक पाण्याची बाटली. मी कुणा संघटनेचे नाव घेत नाही, कारण एकही संघटना यातून सुटलेली नाही. आपल्या चळवळीला 'दाखल' करण्याची सवय आहे, 'चालवण्याची' नाही. दाखल करण्यात बातमी असते. तारखेला जाऊन 'पुढची तारीख' ऐकून येण्यात काहीच नसते.

बाबासाहेबांची परंपरा मात्र अशी नव्हती. महाडचा सत्याग्रह आपण दरवर्षी २० मार्चला साजरा करतो, मनुस्मृती दहन २५ डिसेंबरला. त्या दोन तारखांच्या मागे तिसरी एक रांग आहे, आणि तिच्याबद्दल कुणी भाषण करत नाही. १२ डिसेंबर १९२७ रोजी महाडच्या सवर्णांनी दिवाणी न्यायालयात दावा लावला. चवदार तळे ही खासगी मालमत्ता आहे, अस्पृश्यांनी तिथे जाऊ नये, असे त्यांचे म्हणणे. प्रतिवादींमध्ये बाबासाहेब होते, सीताराम शिवतरकर होते. १४ डिसेंबरला तात्पुरता मनाई हुकूम निघाला, तोही परिषद दहा दिवसांवर आली असताना. हजारो लोक तळ्यावर जायला तयार असताना बाबासाहेबांनी तो हुकूम न मोडण्याचा निर्णय घेतला आणि लढाई कोर्टात नेली. २३ फेब्रुवारी १९२८ रोजी तो मनाई हुकूम उठला. मूळ दाव्याचा निकाल आपल्या बाजूने लागला ८ जून १९३१ रोजी. सवर्ण अपिलात गेले, ठाण्याला. ३० जानेवारी १९३३ रोजी तेही फेटाळले गेले. ते मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि १७ मार्च १९३७ रोजी न्या. ब्रूमफील्ड व न्या. वाडिया यांनी अंतिम निकाल दिला. अस्पृश्यांना वगळण्याची अनादी काळापासूनची रूढी वादींना सिद्ध करता आलेली नाही, असा तो निकाल होता.

सव्वानऊ वर्षे! या काळात काय काय झाले ते आठवा. सायमन कमिशन, काळाराम मंदिर सत्याग्रह, तीन गोलमेज परिषदा, पुणे करार, येवल्याची घोषणा, स्वतंत्र मजूर पक्ष, निवडणूक. आणि या सगळ्या धामधुमीत महाडची ती फाईल एकदाही अनाथ झाली नाही. प्रतिवादी गैरहजर राहिले असते तर एकतर्फी हुकूमनामा झाला असता, आणि चवदार तळ्यावर सवर्णांचा हक्क कोर्टाच्या शिक्क्याने कायम झाला असता. पाण्याला हात लावायला एक दिवस पुरला होता. त्या पाण्यावरचा हक्क कोर्टात टिकवायला सव्वानऊ वर्षे लागली, आणि ती वर्षे कुणीतरी तारखांना उभे राहून काढली. आपल्या कॅलेंडरवर १७ मार्चही असायला हवा, असे मला फार दिवसांपासून वाटते.

याच्या उलट टोकाला खैरलांजी आहे. २९ सप्टेंबर २००६ नंतर भैयालाल भोतमांगे यांनी कोर्टाच्या तारखा सोडल्या नाहीत. भंडारा, मग नागपूर, मग दिल्ली. २० जानेवारी २०१७ रोजी ते गेले, तेव्हाही प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पडून होते. म्हणजे माणूस हजर राहूनही न्याय गैरहजर राहू शकतो. मग जो हजरच राहू शकत नाही, त्याचे काय?

मोठ्या बाबांच्या केसकडे परत जातो, कारण तिचा पुढचा भाग कामाचा आहे. आम्ही आधी आदेशाची आणि रोजनाम्याची नक्कल काढली. मग दोन अर्ज केले. एक दावा पुन्हा फायलीवर घेण्यासाठी, दुसरा मुदत कायद्याच्या कलम ५ खाली झालेला उशीर माफ करण्यासाठी. हा दुसरा अर्ज अनेक जण विसरतात आणि तिथेच मार खातात. समोरच्यांचे म्हणणे होते की वादी निष्काळजी आहे. आमच्या नव्या वकीलबाईंनी दोन जुने निकाल दाखवले. पहिला १९८१ चा, रफिक विरुद्ध मुन्शीलाल. खेड्यातला माणूस वकील लावतो, फी देतो आणि विश्वासाने घरी जातो. त्या वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा पक्षकाराला देऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात म्हटले आणि त्या दिवसाचा खर्च गैरहजर वकिलाकडूनच वसूल करायला सांगितले. दुसरा १९५५ चा, संग्राम सिंह प्रकरणातला, न्या. व्हिव्हियन बोस यांचा. हे बोस आपल्या नागपूरचे, तिथल्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश राहिलेले. प्रक्रियेचे नियम न्याय पुढे नेण्यासाठी असतात, माणसाला पाय घालून पाडण्यासाठी नसतात, हा त्या निकालाचा गाभा.

समोरच्या वकिलांनी १९९३ चा सलील दत्त निकाल काढला. दरवेळी वकिलावर ढकलून पक्षकाराला सुटता येणार नाही, असा. पण तो निकाल नीट वाचला तर त्यातला पक्षकार होता कलकत्त्याची एक खासगी कंपनी, जिला कोर्टात काय चालले आहे ते रोज विचारता आले असते. न्यायालयाने तिथे खेड्यातला अडाणी माणूस आणि शहरातली कंपनी यांत स्वतःच फरक केला आहे. वकीलबाईंनी नेमका तोच परिच्छेद वाचून दाखवला. मोठे बाबा मागे भिंतीला टेकून उभे होते. त्यांना इंग्रजी कळले नाही. पण समोरचा वकील खाली बसला, हे त्यांनी पाहिले.

दावा रिस्टोर झाला. समोरच्याला हजार रुपये खर्च द्यावा लागला. पण या सगळ्यात आणखी वर्ष गेले, आणि धुरा अजून जिथे होता तिथेच आहे.

वकीलबाईंची फी आम्ही दिली नाही, कारण ती द्यावीच लागत नव्हती. विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७, कलम १२. अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, आणि त्याला उत्पन्नाची अट नाही. स्त्रियांना आणि कारखान्यातल्या कामगारांनाही तो हक्क आहे. म्हणजे लोहारा एमआयडीसीतला कामगार, मग तो कुठल्याही जातीचा असो, यात बसतो. तालुका किंवा जिल्हा विधी सेवा कार्यालयात साधा अर्ज, नाहीतर १५१०० वर फोन. आपल्या कार्यकर्त्यांना आरक्षणाचे सगळे निकाल तोंडपाठ असतात आणि हे कलम माहीत नसते, याचा मला खरोखर राग येतो.

तसेच अ‍ॅट्रॉसिटीचे. २०१५ च्या दुरुस्तीने कलम १५-अ आले, त्यात पीडिताला सुनावणीची सूचना मिळण्याचा हक्क आहे. हरिराम भांभी प्रकरणात २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने ही सूचना बंधनकारक असल्याचे सांगितले. १९९५ च्या नियमांतला नियम ११ तर पीडित आणि साक्षीदारांना जाण्यायेण्याचे भाडे आणि किमान वेतनापेक्षा कमी नसलेला रोजचा भत्ता देतो, तोही तीन दिवसांच्या आत. किती साक्षीदारांनी तो मागितला? मागायचा असतो हेच माहीत नाही. मजुरी बुडते म्हणून साक्षीदार येत नाही आणि मजुरी भरून देणारा नियम फायलीत पडून राहतो.

मोठ्या बाबांच्या अनुभवानंतर आमच्या विहारात आम्ही एक वही सुरू केली आहे. रविवारी वंदना झाली की ती उघडते. वस्तीत ज्याची केस आहे त्याचे नाव, कोर्ट, वकिलाचा नंबर, पुढची तारीख आणि सोळा अंकी-अक्षरी सीएनआर क्रमांक. तो क्रमांक ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर टाकला की मागच्या तारखेला काय झाले ते दिसते. कुणी सांगण्याची वाट पाहावी लागत नाही. बारावीत शिकणाऱ्या दोन मुली हे काम करतात आणि वकिलांपेक्षा नेमके करतात. पहिल्याच महिन्यात त्यांनी अशा तीन केसेस शोधून काढल्या ज्या उडाल्याचे घरच्यांना माहीत नव्हते. त्यांतल्या एकीचे ३० दिवस संपायला सहा दिवस बाकी होते. अर्ज वेळेत गेला.

कुणी म्हणेल, ही कसली चळवळ, ही तर कारकुनी! म्हणू द्या. महाडच्या दाव्यातली कैफियत, साक्षीपुरावा, अपिलाची कागदपत्रे हीसुद्धा कारकुनीच होती.

तुमच्या गावात, वस्तीत अशी वही सुरू करायची असेल तर रकाने कसे आखायचे ते कळवतो. आणि यवतमाळ परिसरातले जे तरुण आठवड्यातून एक दिवस अकरा ते दोन मोकळे असतील, त्यांनी संपर्क करावा. पुढच्या आठवड्यात आमच्या वहीत चार तारखा आहेत. त्यांतल्या दोन बायकांसोबत कोर्टात जायला अजून कुणी मिळालेले नाही.